छोट्या गाडीचा सेन्सर आणि उलव्याची गॅरेजे

छोट्या पेट्रोल गाडीचा बिघडलेला सेन्सर शोधणे आणि बदलणे हे उलव्यातल्या गॅरेजांचे आज रोजचे काम आहे. गाडी सकाळी नुसतीच सेल्फ घेत राहते, सिग्नलला उभी असताना बंद पडते, चढावर ओढत नाही, किंवा चालते नीट पण मीटरमधला इंजिनाच्या आकाराचा पिवळा दिवा विझत नाही. मेकॅनिक स्टिअरिंगखालच्या १६ पिनांच्या सॉकेटात स्कॅनर खोचतो, कोड वाचतो आणि मग बॉनेट उघडतो. महाराष्ट्रात हा क्रम अलीकडेच रूढ झाला. संगणकाविना चालणाऱ्या जुन्या छोट्या गाडीच्या इंजिनावर सेन्सर म्हणाव्यात अशा दोनच वस्तू असत: तेलाचा दाब उतरला की लाल दिवा पेटवणारा स्विच आणि पाण्याच्या तापमानाचा काटा हलवणारे युनिट. दोन्ही फक्त ड्रायव्हरला सांगत. इंजिनाच्या चालण्यात त्यांचा काही हात नसे. आजचे सेन्सर इंजिनाच्या संगणकाला सांगतात, आणि ड्रायव्हरला त्यांची आठवण ते बिघडल्यावरच होते.

उलवे वसाहतीने कार्ब्युरेटरचा, म्हणजे पेट्रोल आणि हवेचे मिश्रण संगणकाविना होण्याचा, काळ पाहिलेला नाही. पनवेल तालुक्यातला हा खाडीकाठचा पट्टा पिढ्यानपिढ्या भातखाचरे, मिठागरे आणि मासेमारीवर जगणारा. १७ मार्च १९७० रोजी सिडको स्थापन झाली आणि नवी मुंबईसाठी ठाणे, पनवेल व उरण तालुक्यांतल्या ९५ गावांच्या जमिनी संपादनात गेल्या. जानेवारी १९८४ मध्ये जासई-दास्तान फाट्यावरच्या आंदोलनात गोळीबार होऊन पाच शेतकऱ्यांचा बळी गेला. त्या लढ्यातून पुढे साडेबारा टक्के विकसित भूखंडांची योजना आली. मे १९८९ मध्ये न्हावा-शेवाचे बंदर सुरू झाले आणि या भागातून कंटेनरचे ट्रेलर धावू लागले. तेव्हा रस्त्याकडेला वाहनदुरुस्तीचे जे काम चाले ते ट्रेलर-डंपरचे: टायर, कमानपाटे, एअर ब्रेक, डिझेल पंप. पेट्रोलवर चालणारी घरगुती गाडी इथे मोठ्या संख्येने आली ती सिडकोचे सेक्टर भरू लागल्यावर, म्हणजे मुख्यतः २०१० नंतरच्या दशकात. खारकोपरपर्यंत लोकल आली ती ११ नोव्हेंबर २०१८ रोजी. तोवर इथल्या कुटुंबाला बेलापूर, नेरूळ किंवा पनवेल गाठायचे तर बस, रिक्षा नाही तर स्वतःचे वाहन हेच पर्याय होते, आणि नव्या फ्लॅटबरोबर नवी-जुनी छोटी गाडीही घरात येत गेली. त्या गाड्या सगळ्या इंजेक्शनच्या. म्हणून उलव्यातल्या या धंद्याची मुळे शोधायची तर कुर्ला, पनवेल, बोरघाट आणि पुण्याकडे वळावे लागते.

मुंबईच्या छोट्या गाडीचा इतिहास कुर्ल्यात सुरू होतो. वालचंद हिराचंद यांनी १९४४ मध्ये प्रीमियर ऑटोमोबाइल्स उभी केली, आणि पन्नासच्या दशकात तिच्या कुर्ल्याच्या कारखान्यातून फियाट ११०० बाहेर पडू लागली. हीच गाडी १९७० च्या दशकात प्रीमियर प्रेसिडेंट आणि मग प्रीमियर पद्मिनी झाली. १०८९ सीसीचे चार सिलिंडरचे इंजिन, एक कार्ब्युरेटर, एक डिस्ट्रिब्युटर (गॅरेजच्या भाषेत ‘डेल्को’) आणि त्यात कॅमवर उघडझाप करणारे पॉइंट. मुंबईची काळी-पिवळी टॅक्सी म्हणजे हीच गाडी. शेवटची पद्मिनी टॅक्सी ऑक्टोबर २०२३ च्या अखेरीस रस्त्यावरून गेली. मुंबई-पनवेलच्या मेकॅनिकांच्या दोन पिढ्या या इंजिनावर शिकल्या.

त्या इंजिनात मोजमाप घेणारा माणूस होता. पॉइंटमधली फट फीलर गेजने पाहायची, साधारण ०.४ ते ०.५ मिलिमीटर. पॉइंट जळून खडबडीत झाले की पॉलिश पेपर फिरवायचा. इंजिन गरम करून आयडलचा स्क्रू हळूहळू आत घ्यायचा, इंजिन धडपडू लागले की थोडा मागे फिरवायचा, आणि कानाला आवाज एकसारखा लागला की हात थांबवायचा. मिश्रण बरोबर आहे की नाही याचा लेखी पुरावा स्पार्क प्लग देत असे. प्लग काढला आणि त्याचे टोक फिकट तपकिरी असले तर गाडी ठीक. काजळीने काळे असले तर पेट्रोल जास्त. पांढरे पडले असले तर पेट्रोल कमी आणि इंजिन तापते आहे. आज ऑक्सिजन सेन्सर जी माहिती सेकंदागणिक देतो, तीच तेव्हा दोन-चारशे किलोमीटरनंतर प्लगच्या रंगावरून वाचली जाई. हे वाचन कच्चे नव्हते. चांगल्या मेस्त्रीला प्लग, सायलेन्सरचा आवाज आणि धुराचा वास एवढ्यावर दोष कार्ब्युरेटरमध्ये आहे की इग्निशनमध्ये, हे सांगता येई.

या विद्येची परीक्षा बोरघाटात होत असे. मुंबईहून पुण्याला निघालेल्या गाडीला घाटाआधीचे मोठे ठाणे पनवेल; पायथ्याला खोपोली. उन्हाळ्यात घाट चढताना इंजिनाला चिकटून बसवलेला पेट्रोलपंप इतका तापे की नळीतल्या पेट्रोलची वाफ होई. पंप वाफ ओढत राही, कार्ब्युरेटर कोरडा पडे आणि गाडी वळणावरच बंद पडे. उपाय सर्वांना पाठ होता: बॉनेट उघडा, पंपावर ओले फडके टाका, वाट पाहा. दुसरी अडचण उंचीची. लोणावळा समुद्रसपाटीपासून सुमारे ६२० मीटर उंच; तिथे हवेचा दाब सुमारे ९४ किलोपास्कल, उलव्यासारख्या खाडीकाठी तो १०१ च्या आसपास. महाबळेश्वरला गेले तर जेमतेम ८६. हवा विरळ झाली तरी कार्ब्युरेटरचे जेट तेवढेच पेट्रोल सोडतात, मग मिश्रण दाट होते आणि गाडी काळा धूर टाकत जड चालते. कार्ब्युरेटरला उंची कळत नसे. पुढे हवेचा दाब मोजणारा मॅप सेन्सर आला आणि गाडीला प्रथमच ती कळली.

१४ डिसेंबर १९८३ रोजी मारुती ८०० आली. ७९६ सीसी, तीन सिलिंडर, वजनाला हलकी. बाजार तिने पालटला, पण इंधनाच्या बाबतीत तीही कार्ब्युरेटरचीच गाडी होती, त्यामुळे पद्मिनीवर शिकलेला मेकॅनिक तिच्यापुढे अडला नाही. त्याचे काम मुळापासून बदलले ते कायद्याने आणि न्यायालयांनी. १ एप्रिल १९९५ पासून चार महानगरांत नव्या पेट्रोल गाड्यांना कॅटॅलिटिक कन्व्हर्टर सक्तीचा झाला आणि त्याबरोबर शिसेविरहित पेट्रोल पंपावर आले. शिसे कन्व्हर्टरमधल्या प्लॅटिनमला निकामी करते म्हणून. १ फेब्रुवारी २००० पासून शिसेयुक्त पेट्रोल देशभरातून गेले. मधल्या काळात, २९ एप्रिल १९९९ रोजी, सर्वोच्च न्यायालयाने दिल्ली परिसरात युरो-१ आणि लगेच पुढच्या वर्षी युरो-२ निकष लावण्याचा आदेश दिला. मुंबईतही धुराने त्रासलेल्या रहिवाशांची याचिका उच्च न्यायालयात चालू होती. जुन्या टॅक्सी सीएनजीवर नेण्याचे आदेश तिच्यातूनच निघाले. २००१ मध्ये मुंबईला युरो-२ च्या तोडीचे निकष लागू झाले. कार्ब्युरेटर या निकषांत बसणे अवघड होते. सप्टेंबर १९९८ मध्ये आलेली ह्युंदाई सँट्रो सुरुवातीपासूनच एमपीएफआय होती, मारुतीने आपल्या गाड्या एकामागून एक त्याच तंत्रावर नेल्या, आणि पिंपरीच्या कारखान्यात घडलेल्या टाटा इंडिकाच्या पेट्रोल आवृत्तीलाही तीच वाट धरावी लागली. २००९ मध्ये लाखाची गाडी म्हणून नॅनो आली, तेव्हा पैसा वाचवण्यासाठी तिच्यातले कितीतरी भाग गाळले होते. इंजेक्शनचा संगणक आणि त्याचे सेन्सर मात्र गाळता आले नाहीत. पुण्याच्या ‘एआरएआय’मध्ये, म्हणजे १९६६ पासून चालत आलेल्या वाहन संशोधन संस्थेत, उत्सर्जनाच्या चाचण्या होतात. त्या चाचण्या पार करायच्या तर सेन्सरांशिवाय सोय उरली नव्हती.

एमपीएफआयमध्ये प्रत्येक सिलिंडरच्या तोंडाशी एक इंजेक्टर असतो आणि तो किती हजारांश सेकंद उघडायचा हे संगणक ठरवतो. ठरवण्यासाठी त्याला माहिती लागते ती सेन्सरांकडून. हवा किती आत येते हे मॅप सेन्सर सांगतो, इंजिन किती गरम आहे हे कूलंटचा सेन्सर, थ्रॉटल किती उघडा आहे हे थ्रॉटल सेन्सर, क्रँकशाफ्ट कुठे आहे आणि किती वेगाने फिरतो हे क्रँक सेन्सर. जळून गेल्यावर धुरात ऑक्सिजन उरला का, हे ऑक्सिजन सेन्सर सांगतो. पेट्रोलच्या एका भागाला हवेचे १४.७ भाग हे प्रमाण जमले तरच कन्व्हर्टर नीट काम करतो. ते प्रमाण टिकवण्याची मुख्य जबाबदारी या शेवटच्या सेन्सरची.

यातले विज्ञान बरेच जुने आहे. चुंबकीय क्षेत्रात ठेवलेल्या वाहकाच्या आडव्या दिशेला विद्युतदाब निर्माण होतो हे एडविन हॉल यांनी १८७९ मध्ये दाखवले. अनेक क्रँक आणि कॅम सेन्सर त्याच तत्त्वावर चालतात. दोन बाजूंच्या संहतीतल्या फरकावरून विद्युतदाब किती येईल याचे समीकरण वॉल्टर नर्न्स्ट यांनी १८८९ च्या सुमारास मांडले. झिर्कोनियाच्या पोकळ टोपीच्या आत बाहेरची हवा आणि बाहेरून सायलेन्सरचा धूर, अशी रचना केली की तेच समीकरण ऑक्सिजन सेन्सर बनते. बॉश कंपनीने हा सेन्सर १९७६ मध्ये बाजारात आणला आणि तो प्रथम व्होल्वोच्या अमेरिकेत विकल्या जाणाऱ्या गाड्यांत बसला, कारण धुराचे सर्वांत कडक नियम तेव्हा कॅलिफोर्नियाचे होते. लॉस एंजेलिसच्या धुरक्याने त्रासलेल्या त्याच राज्याने १९८८ पासून असा नियम केला की गाडीने आपल्या उत्सर्जन यंत्रणेतला दोष स्वतः ओळखावा आणि दिवा लावून सांगावा. १९९६ पासून सगळ्या अमेरिकेत त्याची दुसरी, प्रमाणित आवृत्ती आली: एकाच आकाराचे १६ पिनांचे सॉकेट आणि सर्व कंपन्यांना समान कोड. ‘ओबीडी-२’ ती हीच.

भारतात ती टप्प्याटप्प्याने आली. २००० च्या सुमाराच्या मारुती गाड्यांत स्कॅनरविनाही थोडेफार कळत असे. बॉनेटखालच्या डायग्नोसिसच्या कपलरमध्ये वायरचा तुकडा जोडायचा आणि मीटरवरचा दिवा किती वेळा लुकलुकतो ते मोजायचे. एक लुकलुक, थोडा खंड, मग दोन. म्हणजे १२, म्हणजे सारे ठीक. दुसरा आकडा आला तर तक्त्यात पाहायचे. कार्ब्युरेटरवर वाढलेल्या मेकॅनिकांपैकी ज्यांनी हे मोजायला शिकून घेतले ते या धंद्यात टिकले. अनेकांनी ‘कॉम्प्युटरची गाडी’ म्हणून हात वर केले आणि ती गाडी कंपनीच्या सर्व्हिस सेंटरला पाठवली. वायरिंगचे काम करणारे वायरमन मात्र या बदलात पुढे गेले. त्यांच्या हातात मल्टीमीटर आधीपासून होता, आणि सेन्सर तपासण्याचे खरे हत्यार तेच आहे.

१ एप्रिल २०१० रोजी मुंबईसह १३ शहरांत भारत स्टेज-४ निकष आले आणि त्याबरोबर गाडीवरचे निदान सक्तीचे झाले. १ एप्रिल २०१३ पासून त्याचा दुसरा, कडक टप्पा लागू झाला. कन्व्हर्टरच्या पुढे एक आणि मागे एक असे दोन ऑक्सिजन सेन्सर आता सर्रास दिसू लागले. उलव्यात इमारती भरत होत्या ती वर्षे हीच. पनवेलच्या एमएच-४६ पाटीच्या ज्या छोट्या गाड्या इथल्या पार्किंगमध्ये उभ्या राहिल्या त्यांतल्या बहुतेकांना १६ पिनांचे सॉकेट जन्मापासून आहे.

सॉकेट होते, पण किल्ली कोणाकडे हा प्रश्न होता. कंपन्यांचे स्कॅनर, दुरुस्तीची माहितीपत्रके आणि अस्सल सुटे भाग त्यांच्या अधिकृत केंद्रांपलीकडे सहज मिळत नसत. २०११ मध्ये भारतीय स्पर्धा आयोगाकडे याविरुद्ध तक्रार झाली आणि २५ ऑगस्ट २०१४ रोजी आयोगाने १४ मोटार कंपन्यांना मिळून सुमारे २,५४४ कोटी रुपयांचा दंड ठोठावला. सुटे भाग आणि निदानाची साधने खुल्या बाजारात द्यावीत असेही बजावले. कंपन्यांनी या आदेशाला वरच्या पायऱ्यांवर आव्हान दिले. न्यायालयीन वाद चालू असतानाच बाजाराने आपली वाट काढली. एका चिपवर चालणारे, मोबाइलला ब्लूटूथने जोडले जाणारे स्वस्त स्कॅनर ऑनलाइन आणि मुंबईच्या लॅमिंग्टन रोडसारख्या बाजारांत मिळू लागले. सर्व कंपन्यांच्या गाड्या वाचणारी महागडी यंत्रेही स्वतंत्र गॅरेजांनी घेतली. डिसेंबर २०२२ मध्ये केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागाने ‘राइट टू रिपेअर’चे पोर्टल सुरू केले, त्यातल्या चार क्षेत्रांत मोटारी आहेत. एखाद्या सेक्टरातल्या दोन गाळ्यांच्या गॅरेजला आज जे काम करता येते, त्याला या सगळ्या घडामोडींचा आधार आहे. दुरुस्तीची माहिती ही गाडीबरोबर विकली गेलेली वस्तू आहे, ही भूमिका योग्यच होती, आणि ती फार उशिरा मान्य होऊ लागली.

स्कॅनर आल्यावर एक नवी चूक धंद्यात शिरली: कोडमध्ये सेन्सरचे नाव दिसले की सेन्सर बदलायचा. कोड खरे तर सर्किटविषयी बोलतो. सेन्सर, त्याची वायर, कपलरच्या पिना, अर्थिंग आणि संगणक या पाचांपैकी कशातही दोष असला तरी तोच कोड पडू शकतो. शिवाय सेन्सर खरे तेच सांगत असतो आणि दोष इंजिनात असतो, असेही घडते. इनटेकच्या फाटक्या रबरी होजमधून जादा हवा आत जात असेल तर ऑक्सिजन सेन्सर ‘मिश्रण पातळ’ असे सांगेल, आणि ते बरोबरच असेल. म्हणून जाणता मेकॅनिक आधी बॅटरी पाहतो: बंद गाडीत सुमारे १२.६ व्होल्ट, चालू इंजिनात साडेतेरा ते साडेचौदा. बॅटरी पडलेली असेल तर एकदम चार-पाच कोड येतात आणि त्यांतला एकही खरा नसतो. मग कोड लिहून घेऊन पुसायचे, गाडी फिरवून आणायची आणि कोणता परत येतो ते पाहायचे.

कूलंटच्या तापमानाचा सेन्सर हे याचे सर्वांत स्वच्छ उदाहरण. त्यात थर्मिस्टर असतो, म्हणजे तापला की विरोध घटणारा अर्धवाहकाचा मणी. सॅम्युअल रुबेन यांनी १९३० मध्ये त्याला व्यावहारिक रूप दिले. नेहमीच्या जातीच्या मण्याचा विरोध २० अंशांना अडीच हजार ओहमच्या आसपास असतो आणि ८० अंशांना तीनशेच्या आसपास उतरतो. तक्रार अशी येते: गाडी सकाळी सुरू व्हायला त्रास देते, पेट्रोल जास्त खाते, रेडिएटरचा पंखा एकसारखा फिरतो. रात्रभर उभ्या असलेल्या गाडीची चावी फिरवून, इंजिन सुरू न करता, स्कॅनरवर दोन आकडे वाचायचे: कूलंटचे तापमान आणि आत येणाऱ्या हवेचे तापमान. उलव्यात पावसाळ्याच्या सकाळी दोन्ही २६-२७ च्या जवळपास हवेत. हवेचा आकडा २७ आणि कूलंटचा उणे ४० असेल तर कोणाही माणसाला कळेल की कोकणच्या किनाऱ्यावर हे शक्य नाही. उणे ४० याचा अर्थ संगणकाला त्या सर्किटमध्ये अनंत विरोध दिसतो आहे. कुठे तरी सर्किट तुटले आहे. आता कपलर काढून त्याच्या दोन पिना वायरच्या तुकड्याने जोडायच्या. आकडा एकदम सव्वाशे-दीडशेच्या पुढे उडाला तर वायरिंग आणि संगणक शाबूत आहेत आणि सेन्सरच गेला आहे. आकडा उणे ४० वरच राहिला तर नवा सेन्सर घालून काही होणार नाही, वायर शोधायला हवी. पाच मिनिटांची ही परीक्षा करणारा मेकॅनिक आणि न करता भाग बदलणारा मेकॅनिक यांच्यात फरक आहे तो इथे.

उलव्यात दोष वायरमध्येच निघण्याची शक्यता लक्षात ठेवावी लागते. खाडीची खारट दमट हवा कपलरच्या पिनांवर हिरवा थर चढवते. तो कॉन्टॅक्ट क्लीनरने साफ झाला की पुष्कळदा ‘गेलेला’ सेन्सर जिवंत होतो. भरलेल्या इमारतीशेजारी मोकळे भूखंड आहेत आणि पावसात तिथले उंदीर गरम इंजिनावर येऊन बसतात. वायरींचे इन्सुलेशन कुरतडलेले सापडते. नवी मुंबई विमानतळासाठी उलव्याची टेकडी सुरुंगांनी कापली जात होती त्या वर्षांत आणि त्यानंतरच्या बांधकामात धूळही भरपूर उडाली. एअर फिल्टर वेळेवर बदलला नाही की थ्रॉटल बॉडीवर काळा थर साचतो, आयडल वरखाली होते, आणि दोष मॅप सेन्सरवर ढकलला जातो. मॅपची तपासणीही सोपी: इंजिन बंद, चावी चालू, आकडा १०० किलोपास्कलच्या आसपास; इंजिन आयडलला आले की ३० ते ४०. पहिल्याच वाचनात ८६ दिसले तर गाडी महाबळेश्वरला उभी नाही, सेन्सर खोटे बोलतो आहे.

क्रँक सेन्सरचा दोष जास्त घातक, कारण त्याने खबर दिली नाही तर संगणक ना पेट्रोल सोडतो ना स्पार्क. क्रँकशाफ्टबरोबर फिरणाऱ्या दातेरी चकतीसमोर, साधारण एक मिलिमीटर अंतरावर तो बसलेला असतो. अनेक गाड्यांत चकतीवर साठ दातांची जागा असून दोन दात गाळलेले असतात. ती रिकामी जागा समोरून गेली की संगणकाला पिस्टनची स्थिती कळते. तारेच्या वेटोळ्याचा सेन्सर जुना झाला की तापल्यावर आतली तार प्रसरण पावून तुटक होते आणि थंड झाल्यावर पुन्हा जुळते. गाडी अर्धा तास चालून अचानक बंद पडते, वीस मिनिटांनी काहीच न झाल्यासारखी सुरू होते. गॅरेजमध्ये येते तेव्हा ती ठीकच असते. मुंबईला जोडणाऱ्या समुद्रावरच्या अटल सेतूवर तर वाहन थांबवायलाच मनाई आहे, त्यामुळे तिथे हा दोष प्रकट झाला तर धोका मोठा. खूण अशी की बंद पडल्यावर सेल्फ मारताना आरपीएमचा काटा जागचा हलत नाही. तेव्हाच स्कॅनरवर आरपीएम शून्य दिसले आणि पी०३३५ सारखा कोड असला तर संशय पक्का होतो. गरम सेन्सरचा विरोध मोजला आणि तो अनंत निघाला तर खात्री होते. घाटात पेट्रोलपंपावर ओले फडके टाकणाऱ्या ड्रायव्हरच्या गाडीची लक्षणे नेमकी हीच होती. त्यामुळे जुने मेस्त्री या दोषाला पहिल्यांदा पेट्रोलचा दोष समजले, आणि तो समज खुळा म्हणता येणार नाही.

बदलण्याचे काम निदानापेक्षा सोपे, अपवाद ऑक्सिजन सेन्सरचा. तो सायलेन्सरच्या तापाने आट्यांत घट्ट बसलेला असतो. बॅटरीची निगेटिव्ह काढायची, आट्यांवर गंजतेल सोडायचे, इंजिन किंचित कोमट असताना २२ नंबरच्या, वायर जाण्यापुरती खाच असलेल्या गोटी पान्याने झटका न देता सोडवायचा. जबरदस्ती केली तर मॅनिफोल्डच्या आट्या जातात आणि हजाराचे काम काही हजारांवर जाते. नव्या सेन्सरच्या आट्यांना उष्णता सहन करणारे ग्रीस लावायचे, टोकाला बोटही लावायचे नाही. सिलिकॉनचा सीलंट जवळपास वापरायचा नाही, कारण शिशाप्रमाणे सिलिकॉनही झिर्कोनियाला मारते. कन्व्हर्टरच्या पुढचा चांगला सेन्सर गरम इंजिनात ०.१ ते ०.९ व्होल्टच्या दरम्यान सतत वरखाली होत राहतो. मधल्याच एखाद्या आकड्यावर तो सुस्त पडून असेल तर काम झालेले नाही. काही शे रुपयांपासून काही हजारांपर्यंत किमती असल्याने नकली मालाचा सुळसुळाट आहे. नकली सेन्सरचे आकडे पहिल्या महिन्यात ठीक येतात, म्हणून जुना भाग आणि नव्याचे खोके गिऱ्हाइकाच्या हातात देण्याची पद्धत चांगल्या गॅरेजांनी पाळलेली दिसते.

१ एप्रिल २०२० पासून भारत स्टेज-६ देशभर लागू झाला. १२ जानेवारी २०२४ रोजी अटल सेतू आणि उरणपर्यंतची लोकल अशी दोन्ही एकाच दिवशी सुरू झाली. ८ ऑक्टोबर २०२५ रोजी विमानतळाचे उद्घाटन झाले आणि २५ डिसेंबरपासून विमाने उडू लागली. या विमानतळासाठी हललेल्या दहा गावांत मूळ उलवे गावही होते. टॅक्सीची वर्दळ वाढली तशी सीएनजीच्या गाड्यांची संख्याही वाढली, आणि त्यांच्यामुळे मेकॅनिकच्या हाताखाली सेन्सरांचा दुसरा संच आला: गॅसच्या रेलमधला दाब व तापमान मोजणारे सेन्सर, शिवाय पेट्रोलचे सगळे. पेट्रोलवर ठीक चालणारी गाडी गॅसवर हिचके देत असेल तर आधी गॅसचे आकडे पाहायचे, आणि दोन्हींवर देत असेल तर मूळ इंजिनाकडे वळायचे, ही या कामाची पहिली विभागणी आहे. स्टेज-६ ने स्कूटर आणि मोटरसायकललाही इंजेक्शन आणले. त्यामुळे चारचाकीच्या शेजारच्या गाळ्यात प्लग आणि कार्ब्युरेटर साफ करणाऱ्या दुचाकीच्या मेकॅनिकालाही स्कॅनर घ्यावा लागला. दुचाकींची सॉकेटे अनेकदा वेगवेगळी असल्याने त्या स्कॅनरबरोबर निरनिराळ्या कपलरांच्या जोडवायरींचा एक जुडगाच त्याला बाळगावा लागतो.